खऱ्या माणसांचा सिनेमा

मंडळी, सिनेमा आपण सर्वांनीच पाहिला आहे. कोणी जत्रेतल्या तंबूत पाहिला, कोणी तालुक्याच्या थेटरात पाहिला. आता तर तो हातातल्या मोबाईलवर आला आहे. बहुतेक सिनेमांत गोष्ट रचलेली असते. त्यातला राजा खरा राजा नसतो. लढाईत मेलेला शिपाई संध्याकाळी घरी जाऊन जेवतो. हे आपल्याला ठाऊक असते, म्हणून आपण फसत नाही.

पण आणखी एका तऱ्हेचा सिनेमा असतो. त्यात नट-नट्या नसतात. त्यात खरी माणसे, खरी घरे, खरी कामे दाखवतात. कोळी जाळे टाकतो ते दाखवतात. पूर आला तर पूर दाखवतात. अशा सिनेमाला माहितीपट म्हणतात. माहितीपट पाहून माणूस म्हणतो, "अहो, मी डोळ्यांनी पाहिलं. ते खोटं कसं असेल?"

या प्रश्नाचे उत्तर सोपे नाही. ते समजण्यासाठी माहितीपट कसा तयार होतो हे पाहिले पाहिजे. म्हणून जगातल्या एका मोठ्या माहितीपटकाराची हकीकत सांगतो. त्याचे नाव रॉबर्ट फ्लाहर्टी. तो अमेरिकेचा. जन्म १८८४ सालचा, मृत्यू १९५१ सालचा.

दोन कामे

माहितीपटात दोन मुख्य कामे असतात. एक कॅमेऱ्याचे, दुसरे कात्रीचे.

पूर्वी सिनेमाची लांबच लांब फीत असे. एक फूट फितीवर सोळा चित्रे बसत. प्रत्येक चित्र आधीच्या चित्राहून जरासे वेगळे. ती भराभर डोळ्यांपुढून गेली की चित्रातला माणूस चालू लागला असे वाटे. कॅमेरावाला ही चित्रे घेतो. हे पहिले काम.

पण घेतलेले सगळेच काही कोणी दाखवत नाही. वीस तासांचे चित्रण असले तर त्यातला तास-दीड तास ठेवतात. कोणता तुकडा ठेवायचा, कोणता टाकायचा, कोणता आधी, कोणता नंतर, हे ठरवून तुकडे जोडतात. या कामाला संकलन म्हणतात. ते करणारा तो संकलक. पूर्वी तो खरोखरीची कात्री घेऊन बसे. आता हे काम यंत्रावर होते, पण काम तेच.

आपल्या घरची गोधडी आठवा. जुन्या लुगड्याचे तुकडे तेच असतात. पण मध्ये कोणता लावायचा आणि काठाला कोणता, हे शिवणारी ठरवते. हात बदलला की गोधडी बदलते. सिनेमाचेही तसेच आहे.

समजा, एक म्हातारी पदराने डोळे पुसते आहे असे चित्र घेतले. त्याच्यापुढे लेकीच्या पाठवणीचे चित्र जोडले, तर आपण म्हणू, लेक सासरी चालली म्हणून आई रडते आहे. त्याच म्हातारीपुढे वाळलेले पीक जोडले, तर आपण म्हणू, बिचारीचे शेत बुडाले. आणि खरे काय असेल? चुलीचा धूर डोळ्यांत गेला असेल! म्हातारी तीच, डोळे पुसणे तेच. जोड बदलली, अर्थ बदलला.

ही गोष्ट मनात ठेवा आणि आता फ्लाहर्टीची हकीकत वाचा.

जळालेली फीत

फ्लाहर्टीचा बाप खाणींच्या धंद्यात होता. मुलगाही त्याच वाटेने गेला. १९१० सालापासून तो कॅनडा देशाच्या उत्तरेला लोखंडाच्या खाणी शोधत हिंडू लागला. तो मुलूख बर्फाचा. तिथे शेत नाही, मोठे झाड नाही. तिथे इन्युइट लोक राहतात. पूर्वी बाहेरचे लोक त्यांना एस्किमो म्हणत. शिकारीवर त्यांचे पोट. कुत्र्यांच्या घसरगाड्यांवर त्यांचा प्रवास. त्यांच्या मदतीवाचून फ्लाहर्टी तिथे जगलाच नसता. त्यांच्याबद्दल त्याच्या मनात फार आदर निर्माण झाला.

१९१३ साली त्याने सोबत एक सिनेमाचा कॅमेरा नेला. शिक्षण म्हणाल तर अवघे तीन आठवड्यांचे. जमेल तसे त्याने चित्रण केले. १९१६ साली टोरांटो शहरात बसून तो ती फीत लावत होता. त्याच्या हातून सिगारेट फितीवर पडली. त्या काळची फीत बारुदासारखी पेट घेई. बघता बघता सुमारे तीस हजार फूट फीत जळून गेली. तो स्वतःही भाजला.

त्या फितीची एक कच्ची नक्कल शिल्लक होती. ती त्याने लोकांना दाखवली. पण त्याची त्यालाच ती आवडली नाही. एक देखावा इथला, एक तिथला. धागा कुठेच नाही. त्याने ओळखले की नुसते चित्रण पुरत नाही. एखाद्या माणसाच्या, त्याच्या बायकापोरांच्या मागे मागे गेले पाहिजे. म्हणजे पाहणाऱ्याचा जीव त्यात गुंततो. फीत जळाली, पण त्यातून त्याला धंद्याचे मर्म कळले.

बर्फातले एक वर्ष

पुन्हा जायचे तर पैसा हवा. तो मिळवण्यात चार वर्षे गेली. शेवटी रेव्हियाँ नावाच्या, जनावरांच्या मऊ कातड्यांचा व्यापार करणाऱ्या फ्रेंच पेढीने पैसा दिला. सिनेमामुळे आपले नाव होईल, असा पेढीचा हिशेब होता. १९२० सालच्या ऑगस्टमध्ये फ्लाहर्टी हडसन उपसागराच्या काठी पोचला आणि वर्षभर राहिला. दोन कॅमेरे, पंचाहत्तर हजार फूट फीत, वीज करण्याचे यंत्र, आणि फीत धुऊन पडद्यावर दाखवण्याचे सामान, असे सगळे त्याने नेले होते.

त्याने तिथला एक नावाजलेला शिकारी निवडला. त्याचे खरे नाव अल्लाकारियाल्लाक. सिनेमात त्याचे नाव ठेवले नानूक.

काम सोपे नव्हते. थंडीने फीत काचेसारखी तडके. घेतलेली फीत धुवायला पाणी लागे, आणि पाणी तर सगळे गोठलेले. सहा सहा फूट बर्फ फोडून भोक पाडावे, पिपे भरून घसरगाडीवरून झोपडीत आणावी, त्यातले बर्फाचे कण वेचावेत, मग फीत धुवावी. फितीची नक्कल काढायला विजेचा दिवा स्थिर मिळेना. तेव्हा खिडकीला एक बारीक चौकोन ठेवून त्यातून येणाऱ्या उजेडावर काम चालवले. ही सगळी मेहनत इन्युइट माणसांनी त्याच्या बरोबरीने केली. सिनेमावर नाव फ्लाहर्टीचे आले, पण घाम दोघांचा होता.

एक गोष्ट मात्र त्याने फार चांगली केली. जे चित्रण होई ते त्याच झोपडीत पडद्यावर लावून तो त्या लोकांना दाखवी. लोक दाटीवाटीने बसत. पडद्यावर शिकारी दोर ओढताना दिसले की हे ओरडत, "धरा, सोडू नका!" आपण काय करतो आहोत हे त्यांना कळले. मग तेच सुचवू लागले की आता हे घ्या, ते घ्या.

वॉलरसची शिकार

समुद्रात वॉलरस नावाचा एक प्राणी असतो. रेड्याहून मोठा, लांब लांब दोन सुळ्यांचा. त्याची जुन्या पद्धतीची शिकार फ्लाहर्टीला हवी होती. जुनी पद्धत म्हणजे दोर बांधलेला भाला फेकून मारायचे. त्या वेळी तिथले शिकारी बंदुका वापरू लागले होते. पण फ्लाहर्टीने सांगितले, भालाच वापरा. नानूकने कबूल केले.

भाला लागला. जनावर पाण्यात शिरले. दोराला धरलेली माणसे काठावरून समुद्राकडे ओढली जाऊ लागली. ती ओरडली, "बंदूक चालवा!" फ्लाहर्टी कॅमेऱ्याची मूठ फिरवत राहिला. आपल्याला ऐकू आले, पण समजले नाही असे सोंग आपण केले, हे त्याने पुढे स्वतःच लिहून ठेवले आहे. सुदैवाने माणसे वाचली. चित्र अप्रतिम मिळाले.

आता सांगा मंडळी, हे त्याने बरे केले का? कॅमेरा हातात असला म्हणजे शेजारच्याच्या हाकेला ओ द्यायची नाही का? आज रस्त्यावर अपघात होतो आणि चार जण मोबाईल काढून उभे राहतात. तेव्हा हाच प्रश्न पुन्हा उभा राहतो.

त्यात खरे किती?

हा सिनेमा ११ जून १९२२ रोजी न्यूयॉर्कच्या एका मोठ्या थेटरात लागला. नाव होते 'नानूक ऑफ द नॉर्थ', म्हणजे उत्तरेकडचा नानूक. लोकांना तो अतोनात आवडला. देशोदेशी गेला. जगाच्या टोकाला राहणारी माणसे आपल्यासारखीच हसतात, पोरांना खेळवतात, भुकेशी झगडतात, हे लाखो लोकांना कळले. हे मोठेच काम झाले.

पण पुढे अभ्यासकांनी शोध घेतला, तेव्हा निराळ्याही गोष्टी बाहेर आल्या. पडद्यावरचे कुटुंब हे खरोखरीचे एक कुटुंब नव्हते. माणसे फ्लाहर्टीने निवडून एकत्र आणली होती. पडद्यावर नानूक ग्रामोफोन बघून चकित होतो, त्याची तबकडी दातांनी चावून बघतो. ती गंमत मुद्दाम केलेली होती. बर्फाच्या घरात, ज्याला इग्लू म्हणतात, आत अंधार असतो. चित्र निघेना. तेव्हा अर्धे छप्पर कापून टाकले आणि त्या उघड्या अर्ध्या घरात, बाहेरची थंडी अंगावर घेत, बायकापोरांनी झोपायचे आणि उठायचे काम केले.

फ्लाहर्टीचे म्हणणे असे की, मला या लोकांचे जुने जगणे दाखवायचे आहे. ते लवकरच नाहीसे होईल. मग त्याची आठवण तरी राहो. या म्हणण्यात तथ्य आहे. पण पाहणाऱ्याला वाटले की हे सगळे आजचे आहे आणि आपोआप घडते आहे. ते तसे नव्हते. जुन्याला जुने म्हणून सांगितले असते, तर त्यात कमीपणा काही नव्हता.

आणि नानूकचे काय झाले? सिनेमा निघाल्यावर थोड्याच काळात तो वारला. शिकारीच्या शोधात उपासमारीने मेला, असे फ्लाहर्टीने सांगितले. अभ्यासकांचे मत असे, की तो बहुधा आजाराने, आपल्या घरी गेला. जगभर त्याचा चेहरा ठाऊक झाला, पण त्याचे खरे नाव फार थोड्यांना ठाऊक होते.

कात्री दुसऱ्याच्या हाती

फ्लाहर्टीचा दुसरा सिनेमा 'मोआना' हा सामोआ बेटांवरचा. तो १९२६ साली आला. त्याबद्दल लिहिताना जॉन ग्रिअरसन नावाच्या लेखकाने एक इंग्रजी शब्द वापरला, तोच पुढे या जातीच्या सिनेमाचे नाव झाला. मराठीत त्यालाच आपण माहितीपट म्हणतो. पुढे आयर्लंडजवळच्या अरान बेटांवर त्याने कोळ्यांचा सिनेमा काढला. तो १९३४ साली आला. त्यात मोठ्या माशांची शिकार आहे. ती शिकार त्या बेटांवर केव्हाच बंद पडली होती. सिनेमासाठी तिथल्या माणसांना ती नव्याने शिकवावी लागली. फ्लाहर्टीची जुनी खोड गेली नव्हती.

त्यानंतर तो आपल्या देशात आला. १९३५ साली तो म्हैसूरला पोचला. हत्ती आणि माहुताचा मुलगा यांच्यावर सिनेमा काढायचा होता. महाराजांच्या हत्तीखान्याजवळ साबू नावाचा पोरका मुलगा सापडला. तो माहुताचाच पोर. त्यालाच सिनेमात घेतले. फ्लाहर्टीने जंगल, हत्ती, माणसे यांचे भरपूर चित्रण केले. पण पैसा लंडनच्या सिनेमा कंपनीचा. कंपनीला गोष्ट हवी होती. तिने लंडनला खोटे जंगल उभारले, दुसऱ्या दिग्दर्शकाकडून नवे प्रसंग काढून घेतले आणि फ्लाहर्टीचे पुष्कळसे चित्रण कापून टाकले. १९३७ साली 'एलिफंट बॉय' या नावाने सिनेमा आला. साबू जगप्रसिद्ध झाला. पण फ्लाहर्टीने पाहिलेले म्हैसूर त्यात थोडेच उरले.

म्हणजे बघा. चित्रे ज्याची, सिनेमा त्याचाच असे नसते. कात्री ज्याच्या हाती, सिनेमा त्याचा. आणि कात्री बहुधा पैसेवाल्याच्या हाती असते.

शेतकऱ्यांचा सिनेमा

१९३९ साली अमेरिकेच्या सरकारने त्याला शेतीवर माहितीपट काढायला सांगितले. तो हजारो मैल हिंडला. धूप होऊन वाहून गेलेली जमीन, ओस पडलेली घरे, यंत्रे आल्यामुळे काम गेलेले मजूर, हे सारे त्याने घेतले. त्याच्याजवळ फितीचा ढीग जमला, पण धागा सापडेना. तेव्हा हेलन व्हॅन डाँगेन नावाची संकलक त्याच्या मदतीला आली. ही बाई मूळची हॉलंडची. तुकडा तुकडा बघून, कशाला काय जोडावे याचा विचार करून तिने त्या ढिगाला आकार दिला. संकलक म्हणजे नुसता कापणारा नव्हे. चित्रांत दडलेले म्हणणे शोधून काढणारा तो संकलक.

'द लँड' म्हणजे जमीन, हा सिनेमा १९४२ साली पुरा झाला. पण तोवर अमेरिका महायुद्धात उतरली होती. देशाची अशी दैन्यावस्था अशा वेळी दाखवणे सरकारला नको झाले. सिनेमा थेटरांत आलाच नाही. त्यात खोटे असे कोणी दाखवले नाही. तरी तो बाजूला ठेवला गेला.

त्याचा शेवटचा मोठा सिनेमा १९४८ सालचा 'लुइझियाना स्टोरी'. दलदलीत राहणारा एक मुलगा आणि तिथे तेलाची विहीर खणायला आलेले लोक, अशी त्याची गोष्ट. चित्रे फार सुंदर. संकलन पुन्हा हेलनबाईंचे. पैसा मात्र एका तेल कंपनीचा होता, आणि कंपनीचे नाव सिनेमात कुठे नव्हते. तेलवाले त्यात भलेच दिसतात. मग पाहणाऱ्याने काय समजावे?

आपण काय शिकायचे

फ्लाहर्टी लबाड माणूस नव्हता. गरीब, कष्टाळू माणसांवर त्याचे प्रेम होते. त्यांच्यासाठी त्याने थंडी-वारा सोसला. तरीही त्याच्या सिनेमात खऱ्याच्या शेजारी रचलेले येऊन बसले. चांगल्या माणसाच्या हातून असे होते, तर वाईट हेतूच्या माणसाच्या हाती कॅमेरा आणि कात्री आली तर काय होईल?

काय होते ते आपण महाराष्ट्रात पाहिले आहे. कराची शहरात मुलांच्या सुरक्षिततेसाठी एक छोटी फिल्म केली होती. मोटारसायकलवरून दोघे येतात, मूल उचलतात, आणि शेवटी मूल परत आणून देऊन पाटी दाखवतात, की मुलांना सांभाळा, पळवायला क्षण पुरतो. चांगला उपदेश होता. पण कोणीतरी तिचा शेवट कापला. राहिले काय? नुसते मूल पळवणे. ती कापलेली फिल्म २०१८ साली आपल्या देशात मोबाईलवरून गावोगाव फिरली. मुले पळवणारी टोळी आली, अशी अफवा उठली. तशाच अफवांच्या दिवसांत, १ जुलै २०१८ रोजी, धुळे जिल्ह्यात साक्री तालुक्यातल्या राईनपाडा गावी जमावाने पाच माणसांना ठार मारले. ती माणसे सोलापूरकडची, भिक्षा मागून पोट भरणारी. त्यांनी कोणाचे मूल पळवले नव्हते.

फ्लाहर्टीने छप्पर कापले ते उजेडासाठी. इथे शेवट कापला तो कशासाठी, देव जाणे. पण अशा कापाकापीने माणसाचा जीव जाऊ शकतो, एवढे नक्की.

म्हणून यापुढे खऱ्या गोष्टीचे म्हणून कोणी चित्र दाखवले, तर चार प्रश्न विचारा. हे चित्र कोठले आणि कधीचे? याच्या आधी काय घडले, आणि नंतर काय घडले? हे कोणी काढले, आणि पैसा कोणाचा? आणि ज्यांची चित्रे घेतली, त्यांना विचारले होते का? उत्तर मिळाले नाही तर ते चित्र पुढे पाठवू नका. आपल्यापाशीच थांबवा.

आणि मोबाईल तर आता आपल्याही हातात आहे. गावातली फुटलेली मोरी, गळकी शाळा, चांगली पिकलेली बाग, सगळ्याचे चित्र आपण घेऊ शकतो. घ्या. जरूर घ्या. मात्र पुरे घ्या, जसे आहे तसे घ्या. दिवस आणि गाव सांगा. शेजाऱ्याची हाक आली तर मोबाईल खिशात घाला आणि आधी हाकेला धावून जा.

चर्चेसाठी प्रश्न

१. कॅमेरावाला आणि संकलक यांच्या कामांत फरक कोणता?
२. माणसे हाका मारीत असता फ्लाहर्टीने चित्रण चालू ठेवले. तुम्ही तिथे असता तर काय केले असते?
३. आपल्या गावावर माहितीपट काढायचा ठरला, तर त्यात काय दाखवाल? काय वगळाल, आणि का?